पहिल्या पंगतीची लढाई

सेनापतींची चरित्रं वाचायचा नाद मला लग्नाआधीपासूनचा. आमच्या मुलुंडच्या कॉलनीत फिरता लायब्ररीवाला सायकलवरून यायचा. बाकीच्या बायका त्याच्याकडून मासिकं घ्यायच्या, आणि मी पिशवीच्या तळाशी हात घालून एखादा जाडजूड सम्राट नाहीतर पंतप्रधान बाहेर काढायचे. तो म्हणायचा, "ताई, हे तुमच्याशिवाय कुणी नेत नाही, ठेवा पाहिजे तितके दिवस." सकाळच्या शाळेत गणित शिकवून मी दुपारी घरी यायचे, जेवायचे आणि चटईवर आडवी होऊन लढाईला निघायचे. नवरा म्हणायचा, हिला घर नको, छावणी पाहिजे. म्हणू दे. ऐंशीच्या दशकात मुलुंडमध्ये बाईमाणसाला दुसरं कुठलं सैन्य मिळणार होतं?

मिळालं मात्र. आमच्या कॉलनीत सव्वीस जानेवारीला झेंडावंदन झालं की खेळ व्हायचे आणि मग मैदानातच सगळ्यांचं जेवण. शेवटचा खेळ बायकांची रस्सीखेच, ए बिल्डिंग विरुद्ध आमची डी बिल्डिंग. नियम कुणी केला देव जाणे, पण पक्का होता. जिंकलेल्या बिल्डिंगच्या बायकांनी पहिल्या पंगतीला बसायचं आणि हरलेल्यांनी पदर खोचून त्यांना वाढायचं. नंतर पुरुषांना, मग पोरांना, आणि सगळ्यांचं आटोपल्यावर आपण बसायचं, तोवर भात गार आणि जिलबीचा चुरा. मी लग्न होऊन आल्यापासून वाढणाऱ्या आम्हीच. ए बिल्डिंगच्या बायका पानावर बसून आम्हाला गोड आवाजात सांगायच्या, "मठ्ठा जरा इकडे." अंगाचा तिळपापड व्हायचा.

म्हणून ज्या वर्षाची ही गोष्ट, त्याच्या आदल्या वर्षी मी स्वतःला कॅप्टन करून टाकलं. कुणी निवडलं नव्हतं, पण मोठमोठ्या सेनापतींना तरी कुठे कुणी मत दिलं होतं? पुस्तकात होतं की खरा सेनापती आघाडीवर असतो, म्हणून मी दोरीला सगळ्यात पुढे उभी राहिले. युद्धाच्या दिवसांत रेडिओवरून आख्ख्या देशाला धीर देणारा तो इंग्लंडचा पंतप्रधान वाचून ताजा होता, म्हणून एक दणदणीत भाषणही दिलं. शिट्टी झाली आणि मी नाकावर आपटून रेषेपलीकडे, ए बिल्डिंगच्या पायांशी. नवरा म्हणाला, "भाषण झकास होतं गं. पण दोरीला कान नसतात ना." दोन दिवस मी त्याच्याशी बोलले नाही.

आता सासूबाई. त्या मालवणकडच्या, चाळीतून आमच्याबरोबर इथे आलेल्या. दुपारी मी मोठ्याने वाचायचे आणि त्या सुपात तांदूळ निवडत ऐकायच्या. पटलं नाही की सूप जरा जोरात हलायचं. त्या डिसेंबरात मी एका जुन्या सेनापतीचं वाचत होते. शेवटचा शिपाई जेवल्याशिवाय तो स्वतः घास घेत नसे, म्हणून सैन्य त्याच्यासाठी जीव द्यायला तयार. वाचताना माझाच ऊर भरून आला. सूप थांबलं.

"मगे मियाव सेनापतीच मा," सासूबाई म्हणाल्या. "जन्मभर शेवटाक जेवलंय. माझा पुस्तक खंय आसा?"

मी हसले, आणि हसता हसता पुस्तक मिटलं. कारण त्या जन्मभर सगळ्यांच्या शेवटी जेवल्या होत्या, हे खरंच होतं. माहेरी सात भावंडं, सासरी खटलं, मग मुंबईत गिरणीच्या पाळ्या करणारा नवरा आणि त्याच्याबरोबर राहणारे गाववाले. अजूनही घरी मी दहादा म्हणायचे, "आई, बसा ना आमच्याबरोबर," आणि त्यांचं उत्तर ठरलेलं, "तुमचा होऊ दे." मग ओट्यापाशी पाट घेऊन, उरलंसुरलं एकत्र करून, भिंतीकडे तोंड. या गोष्टीवरून मी किती भांडले असेन. संतापच यायचा मला.

त्या पुढे म्हणाल्या, "माका एकदा पयल्या पंगतीत बसान जेवूचा आसा."

शिमग्याला त्या गावी जाणार होत्या, धाकट्या दिरांकडे, कायमच्या. म्हणजे सव्वीस जानेवारी ही एकच उरली होती. मी म्हटलं, "आई, हरलो तरी तुम्ही बसा. म्हाताऱ्या माणसाला कोण नाही म्हणणार?"

"फुकटचा नको," त्या म्हणाल्या आणि पुन्हा तांदूळ निवडायला लागल्या.

झालं. आता मात्र जिंकणं भाग होतं. मी सगळी चरित्रं पुन्हा काढली. यावेळी भाषणं सोडून लढाया वाचल्या. एका राष्ट्राध्यक्षाने निवडून आल्यावर आपल्या विरोधकांनाच मंत्रिमंडळात घेतलं होतं. ते पान मी दोनदा वाचलं आणि दोन्ही वेळा माझ्या डोळ्यांसमोर आमच्याच बिल्डिंगमधली तिसऱ्या मजल्यावरची बाई उभी राहिली.

तिच्या ओल्या साड्यांचं पाणी माझ्या पापडांवर गळलं होतं, तेव्हापासून आमचं बोलणं बंद. रस्सीखेचीलाही ती यायची नाही, मी असते म्हणून. पण हाताला जोर असा की एकटीने गादी उचलून गच्चीवर न्यायची, आणि आवाज असा की तिसऱ्या मजल्यावरून हाक मारली तर भाजीवाला पुढच्या गल्लीतून वळायचा. मी दार वाजवलं. तिने मला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि विचारलं, "पापड वाळले का?"

राष्ट्राध्यक्षाचं स्मरण करून मी राग गिळला. सासूबाईंची गोष्ट सांगितली. ती ऐकत राहिली, मग दारातून बाजूला झाली. चहा झाल्यावर म्हणाली, "येईन मी. पण हाळी मी देणार. तुझा आवाज म्हणजे मांजरीच्या शेपटीवर पाय पडल्यासारखा. आणि तू पुढे उभं राहायचं नाहीस."

बघा म्हणजे. माझं सैन्य, माझी पुस्तकं, आणि हुकूम हिचा. पण मी हो म्हटलं. माझ्या आयुष्यात मी घेतलेला तो सगळ्यात मोठा लष्करी निर्णय, असं मी अजूनही मानते.

डाव मात्र माझा होता. रोमचा एक म्हातारा सेनापती होता. शत्रू हत्ती घेऊन देशात घुसला, तर हा लढेचना. नुसता मागे मागे राहून त्याला दमवत बसला. लोक भित्रा म्हणाले, पण देश त्यानेच वाचवला. ए बिल्डिंगच्या बायका शिट्टी झाल्या झाल्या सगळा जोर लावायच्या आणि तेवढ्यावरच जिंकायच्या. म्हणजे आपण तेव्हा ओढायचंच नाही. टाचा रुतवायच्या, मागे रेलायचं आणि नुसतं धरून ठेवायचं. त्या धापा टाकायला लागल्या की मग बघू.

पाण्याची टाकी धुणाऱ्यांचा दोर मागून आणला आणि रोज संध्याकाळी गच्चीवर सराव सुरू केला. समोर आमचे नवरे. मिठागरांकडचा वारा सुटलेला आणि आम्ही पदर खोचून अनवाणी. एका सम्राटाने वाळवंटात सैन्य तहानलेलं असताना आपल्या वाट्याचं पाणी ओतून टाकलं होतं, म्हणून मीही सरावात चहा घेणार नाही असं जाहीर केलं. तिसऱ्या मजल्यावरची म्हणाली, "नको घेऊस, तुझा कप इकडे दे." आणि प्यायलीसुद्धा. हसून हसून सगळ्यांच्या हातातला दोर सुटला आणि नवरे धडाधड पडले.

सव्वीस तारखेला सासूबाई पहाटेच ठेवणीतलं लुगडं नेसून, डोक्यात अबोलीचा वळेसर माळून तयार. जणू लग्नाला निघाल्यात. मैदानात खुर्ची टाकून बसल्या आणि मला म्हणाल्या, "मिया काय बोलणंय नाय." ते ऐकून मी पदर आणखी घट्ट खोचला.

शिट्टी वाजली. ए बिल्डिंगने नेहमीसारखा हिसका दिला. "धर!" तिसऱ्या मजल्यावरचा आवाज कडाडला. आम्ही धरलं. दोराच्या मधोमध बांधलेला रुमाल त्यांच्याकडे सरकू लागला. माझ्या तळव्यांची सालं निघत होती. कडेने नवरा दोन्ही हात हलवत ओरडत होता, "ओढा, ओढा, वाट लागली." इंग्रजांच्या एका आरमारी सरदाराने वरिष्ठांचा माघारीचा इशारा दिसू नये म्हणून दुर्बीण आपल्या आंधळ्या डोळ्याला लावली होती. मी नवऱ्याच्या बाजूचा डोळा मिटून घेतला. "धर," पुन्हा आवाज आला. रुमाल रेषेपासून वीतभर राहिला. समोरच्या कॅप्टनबाईंचं तोंड लालबुंद झालं होतं आणि त्यांच्या मागची एकजण हात बदलायला लागली.

"आता खेच."

आम्ही सगळ्यांनी एकदम मागे पाऊल टाकलं. मग परत. दर पावलाला तिची हाळी आणि दर हाळीला रुमाल आमच्याकडे. ए बिल्डिंगला कळेपर्यंत त्यांची पहिली बाई आमच्या रेषेच्या अलीकडे येऊन बसली होती. आम्ही सगळ्या एकमेकींच्या अंगावर पडलो. तिसऱ्या मजल्यावरची माझ्या पोटावर बसली होती, आणि मला इतका आनंद झाला होता की मी तिला उठसुद्धा म्हटलं नाही.

पहिली पंगत मांडली. एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला ती, मध्ये सासूबाई. पान समोर आल्यावर त्या सवयीने उठायला लागल्या, कुणाच्या तरी पानात मीठ नव्हतं म्हणून. मी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. "आई, बसायचं. आज वाढणाऱ्या वेगळ्या आहेत." त्या अवघडून बसल्या. ए बिल्डिंगच्या कॅप्टनबाई वाकल्या आणि त्यांनी थेट टोपातला भात वाढला, त्यावर वरण, वर तुपाची धार. बाई दिलदार, हे मान्य केलंच पाहिजे. धार त्यांनी हात आखडता न घेता सोडली.

सासूबाईंनी पहिला घास घेतला. बोटं भाजली म्हणून पटकन काढली, फुंकर घातली, पुन्हा घेतला. बराच वेळ चावत राहिल्या. मग माझ्याकडे वळून अगदी हळू विचारलं, "गो, गरम भात असो लागता?"

उभं आयुष्य या बाईने लोकांसाठी भात शिजवला होता. मी वाढणाऱ्या बाईंना हाक मारली आणि म्हटलं, "इथे अजून भात आणा. चुलीवरचा, गरम."