मनोरा कुणी बांधला

चर्च झाडणाऱ्या बाईला सगळे मावशी म्हणत. दीडशे वर्षांचं जुनं प्रॉटेस्टंट चर्च. आत मूर्ती नाही, चित्र नाही, पण भिंतभर देणगीदारांच्या पितळी पाट्या. घंटा कुणी दिली, बाकं कुणी दिली, अगदी दारातलं पायपुसणं कुणी दिलं तेसुद्धा. सव्वीस वर्षं मावशी त्या पाट्या घासत आली होती. मनोऱ्याच्या पाटीवर मात्र ती नुसतं फडकं फिरवायची. मनोरा पुन्हा बांधताना तिचा गवंडी नवरा परांचीवरून पडून गेला, आणि पाटीवर नाव कुणाचं, तर कापडाच्या व्यापाऱ्याचं.

आता चर्चचा इतिहास छापायचा ठरला. लिहिणार कोण, तर निवृत्त झालेले एक मास्तर. मावशीला वाटलं, चला, निदान एका ओळीत तरी नवऱ्याचं नाव येईल. एवढ्या एका आशेवर तिने त्या माणसाला सहन केलं, नाहीतर त्यांनी डोक्याला नुसता ताप आणला होता. ओल्या फरशीवरून बूट घालून फिरायचं आणि तेच तेच विचारायचं.

"मावशी, मागच्या भिंतीला तडा कधी गेला?"

"माझी धाकटी रांगत होती तेव्हा."

"म्हणजे साल कोणतं?"

"ते मला काय विचारता? भिंतीला विचारा."

पण दर खेपेला ती आठवण करायची, "मास्तर, मनोऱ्याचं लिहिलंत?"

"लिहिलं की. व्यापारीसाहेबांनी बांधला."

"साहेब कधी शिडी तरी चढले होते का? माझा नवरा बांधत होता. तिथूनच पडला."

"हो हो, घेतो," मास्तर म्हणायचे. पालथ्या घड्यावर पाणी.

शनिवारी दुपारी पुस्तकांचा गठ्ठा पाळकांच्या खोलीत येऊन पडला. शंभर प्रती. मास्तरांनी मावशीला मुद्दाम हाक मारली आणि चाळिसाव्या पानावर बोट ठेवलं. "बघा, तुमचं घेतलंय."

तिथे छापलं होतं, 'साहेबांनी मनोरा नव्याने उभारला. त्या वेळी एक गवंडी पडून दगावला, त्यामुळे काम अकरा दिवस रखडले.'

मावशीने दोनदा वाचलं. माणूस जिवानिशी गेला आणि ह्या शहाण्यांना दिसलं काय, तर रखडलेलं काम. तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"अकरा नाही, नऊ," ती म्हणाली. "दहाव्या दिवशी दुसरा गवंडी वर चढला होता. मी खाली उभी राहून बघत होते."

मास्तर खूश झाले. "अशी पक्की माहिती हवी बघा," म्हणत त्यांनी खिशातून पेन काढलं आणि अकरावर काट मारून वर नऊ लिहिलं.

"आणि नाव?" मावशीने विचारलं.

"कुणाचं?"

मावशीने त्यांच्या हातातलं पेन काढून घेतलं, पाळकांची खुर्ची ओढली आणि बसली. 'एक गवंडी' खोडून तिने वर नवऱ्याचं नाव लिहिलं, आडनावासकट. मग दुसरी प्रत घेतली.

"अहो मावशी, छापील पुस्तक आहे ते," मास्तर कळवळले.

"मग? चाळिसावं पान उघडून द्या एकेक."

मास्तर बसले आणि पानं उघडून देऊ लागले. साठेक प्रती झाल्यावर मावशी बोटं चोळायला थांबली, तेव्हा त्यांनी हळूच पेन मागितलं. तिने दिलं नाही.