अमेळ आणि वहिनीचं बियाणं

माझ्या वाटणीला डोंगराचा उतार आला. दादाला घर, गोठा आणि ओढ्याकाठची भाताची खाचरं. मला दगडधोंडे आणि पायथ्याचं एक अरुंद खाचर. मी आरडाओरडा केला तेव्हा भावकीतल्या म्हाताऱ्यांनी मला खाली बसवलं. "भांडू नगंस. घरात एकोपा ऱ्हाऊ दे." एकोपा राहिला. उतारही माझ्याकडेच राहिला.

पुढे मी लोणावळ्याला पॉइंटवर कणसं भाजली. गाडीच्या काचेआडचा चेहरा बघून भाव सांगायचा, हे तिथे शिकलो. त्यातून बेडशाच्या लेण्यांच्या अलीकडे त्याच उतारावर भाड्याच्या खोल्या बांधल्या, मग चिखलणीसाठी पॉवर टिलर घेतला. घासाघीस करताना माझा आवाज चढतो, हे मला माहीत आहे. तो खाली ठेवला असता तर मी अजून कणसंच भाजत असतो.

दोन पावसाळ्यांपूर्वी त्या खोल्यांवर अमेळवाले आले. पुण्याच्या कॉलेजातून निवृत्त झालेल्या एक बाई त्यांच्या मुख्य. म्हणजे आमच्यात मुख्य कोणी नाही असं सांगणाऱ्या त्याच. त्यांचं तत्त्व असं, की जग मुळात विस्कटलेलं आहे, मेळ आपण बळंच घालतो, म्हणून माणसाने अमेळातच राहावं. जेवायची वेळ नाही. गायला बसले की प्रत्येकाचं गाणं वेगळं. रोज सकाळी खोलीतलं सामान अंगणात आणि अंगणातलं खोलीत. माझी म्हैस एकदा त्यांच्या कॉटशेजारी सापडली. भाड्याचं बोलायला मी कंबर कसून गेलो, तर बाई म्हणाल्या, "तुम्ही सांगाल ते. उद्या वाटलं तर दुसरं सांगा." असलं गिऱ्हाईक मी पाहिलं नव्हतं.

मी त्यांना हसायचो. मग एका संध्याकाळी बाई ओट्यावर चहा पिता पिता म्हणाल्या, "मालक, जिथे फार एकोपा दिसतो ना, तिथे खाली कोण दबलंय ते बघावं." इतकी वर्षं मी शिव्या देऊन जे सांगत होतो, ते या बाईंनी आवाज न चढवता सांगितलं. त्या दिवसापासून मी अमेळवाला झालो.

आमच्याकडे भाताची लावणी सावडीवर होते. आज सगळे मिळून एका घरच्या खाचरात, उद्या दुसऱ्याच्या. पाळी देवळात बसून ठरते, आणि टिलर माझा असल्याने माझा शब्द चालतो. गेल्या वर्षी मी उभा राहून म्हणालो, "पाळीबिळी बंद. ज्याला जवा पायजे तवा त्यानं लावावं. आधी बोलवंल त्याचा टिलर."

"आन् ज्याला बोलवता येत न्हाई त्यानं?" भावकीतल्या एका आबांनी विचारलं.

"त्यानं शिकावं."

दादा खांबाला टेकून बसला होता. तो कधीच बोलत नाही; एकोप्यात त्याचं न बोलता भागतं.

मग ज्यांचा आवाज मोठा, त्यांनी टिलर पळवला आणि माणसंही. दादा कुणाला बोलवायला गेला नाही. मी मात्र वाट बघत बसलो, की माझ्या दारात कधी येतोय. त्याची रोपं वाफ्यात पिवळी पडायला लागली. त्यातला एक वाफा वहिनीचा, आंबेमोहराचा. ते बियाणं माझ्या आईचं. सगळा गाव इंद्रायणी भाताकडे वळला तरी आई एक कोपरा लावून बी राखायची. तिच्यामागे वहिनीनं राखलं. होतं तेवढं सगळं त्या वाफ्यात पेरलेलं होतं. ती लावणी चुकली असती तर वाणच संपला असता.

शेवटी वहिनीच आली. "भावजी, तुमचं न् ह्यांचं काय असंल ते असू द्या. रोप म्हातारं झालं. टिलर द्या, आन् चार माणसं द्या."

टिलर दिला. माणसं कुठली देणार? जो तो आपापल्या खाचरात. म्हणून मी अमेळवाल्यांनाच घेऊन गेलो. मोठी हुशारी केली असं वाटलं. त्यांना बांधावर सोडून मी कामशेतला खत आणायला गेलो. दादा वाफ्यावर रोपं उपटत होता, वहिनी या पाहुण्यांसाठी घरी भाकरी करत होती.

परतलो तेव्हा लावणी झाली होती आणि मंडळी चिखलात नाचत होती. ओळी नव्हत्या, ते चाललं असतं. पण वहिनीने बांधावर वेगळ्या ठेवलेल्या आंबेमोहराच्या जुड्या सुट्या करून, इंद्रायणीच्या रोपांत कालवून, त्यांनी सगळ्या खाचरांत लावल्या होत्या.

"वेगळं कशाला ठेवायचं?" बाई आनंदात म्हणाल्या. "आता बघू या काय होतं."

मी त्यांच्यावर इतका ओरडलो की पलीकडच्या बांधावरची माणसं उभी राहिली. बाईंनी ऐकून घेतलं. "पण मालक, देवळात तुम्हीच तर हे सांगितलंत."

वहिनी पाटी घेऊन आली. खाचराकडे पाहिलं, मग रिकाम्या बांधाकडे. सगळ्यांना भाकरी वाढली. मलाही.

इंद्रायणी पिकली तेव्हा आंबेमोहर अजून हिरवा होता. कापणीच्या आधी वहिनी एकेक हिरवं रोप शोधून त्याला सुतळी बांधत फिरली, विळा चुकून लागू नये म्हणून. मी न बोलावता उतरलो. शंका आली की पान चुरगाळून हुंगायचं; आंबेमोहराच्या पानालाही वास असतो. लहानपणी आईच्या मागे फिरताना तेच करायचो. दादा पलीकडच्या कडेने सुतळी बांधत होता. आम्ही खाचराच्या मधोमध समोरासमोर आलो, आणि तो दुसऱ्या ओळीला वळला. ओळ नव्हतीच तिथे. तरी वळला.

शेवटी सूपभर बी हाती लागलं.

यंदा लावणीच्या तोंडावर वहिनी पुन्हा आली. दादा फाटकाबाहेरच थांबला. "आमच्या खाचरात सांडलेली इंद्रायणी उगवणार. तुमचं खाचर गेल्या सालापासनं मोकळं हाय. बियाचं रोप तितं लावू द्या."

"बदल्यात काय?"

विचार करून नाही बोललो. कोणी काही मागितलं की माझी जीभ आपोआप तेच म्हणते. दादा वळला आणि चालू लागला. वहिनी हलली नाही.

"मागा," ती म्हणाली. "काय पायजे ते मागा. मी देती."

मला काही मागता येईना. उताराचा राग माझा गेलेला नाही, जाणारही नाही. बाईंचं म्हणणं माझ्यापुरतं आजही खरं वाटतं. पण वाटणीच्या वेळी वहिनीला कुणी विचारलंसुद्धा नव्हतं. मला दाबलं दुसऱ्यांनी, आणि मी विस्कटलं ते हिचं.

"घ्या खाचर! टिलर उद्या लावतो!" मी म्हणालो. देतानाही ओरडलोच.

"मला कशाला वरडून सांगता? त्यास्नी सांगा."

मी फाटकापर्यंत गेलो. नुसतं "दादा" म्हणायचं होतं. तो वळणावर दिसेनासा होईपर्यंत तिथे उभा राहिलो, मग मागे येऊन वहिनीला म्हणालो, "तुमीच सांगा."