‘हे बाबांनीच केलंय ना?’

माझ्या मुलीच्या सातवीच्या वर्गाला भूगोलाच्या बाईंनी सांगितलं, एक देश घ्या आणि तिथल्या एका गोष्टीवर रेफेराट द्या. म्हणजे वर्गापुढे उभं राहून बोलायचं, चित्रं दाखवायची. कुणी इटलीचा पिझ्झा घेतला, कुणी इजिप्तचे पिरॅमिड. हिने जपान घेतला, आणि तिथली सुझुकाची हजार किलोमीटरची मोटारशर्यत.

हे वेड तिला कुठून लागलं, देव जाणे. मी इथे जर्मनीत, एश्बॉर्न गावी, सॉफ्टवेअरचं काम करते. गाडीतलं मला पेट्रोल भरण्यापलीकडे काही कळत नाही. नवरा गाड्यांच्या कंपनीत इंजिनिअर आहे खरा, पण त्याचं काम सीट गरम करणाऱ्या वायरिंगचं, आणि टीव्हीवर शर्यत लागली की तो सोफ्यावर घोरायला लागतो. ही मात्र जुन्या शर्यतींचे धूसर व्हिडिओ बघत बसायची. जेवताना आमच्या कानीकपाळी ओरडायची, तेही जर्मनमध्ये. तो ट्रॅक इंग्रजी आठच्या आकड्यासारखा स्वतःलाच ओलांडून जातो. ऑगस्टच्या उकाड्यात ड्रायव्हर आत उकडून निघतात, म्हणून आळीपाळीने चालवतात. साठच्या दशकात सुरू झालेली शर्यत तेलटंचाईत काही वर्षं बंद पडली. ऐंशीच्या दशकात जर्मन गाड्या तिथे जाऊन जिंकल्या. मध्यंतरी ती दहा तासांची झाली, महामारीत थांबली, आणि आता पुन्हा हजार किलोमीटरची झाली.

रेफेराटमध्ये तिने एकच प्रश्न धरला होता. ज्या देशात जमिनीखाली तेल जवळजवळ नाहीच, तिथे तेल जाळण्याचा हा खेळ टिकला कसा? बंदरं, जहाजं, नकाशे, सगळं त्यात होतं. मी ऐकलं तेव्हा मला वाटलं, याहून चांगला भूगोल तो काय असतो?

तिला ‘तीन’ मिळाला. इथे ‘एक’ सर्वांत चांगला. खाली शेरा होता: विषय वयाला साजेसा नाही.

पालकसभेला आम्ही तिघंही गेलो. बाई हसून नवऱ्याकडे वळल्या. “तुम्ही गाड्यांच्या कंपनीत आहात ना? ऐकताना लगेच कळलं. बाबांनीच केलंय, हो ना?”

माझी मुलगी शेजारच्याच खुर्चीत बसली होती. तिच्याकडे बघितलंसुद्धा नाही त्यांनी.

आणि माझा नवरा काय म्हणाला? “या, या, गेनाऊ,” म्हणजे ‘हो, हो, अगदी बरोबर’ म्हणून हसला! अवघडला की तो हेच करतो. ऑफिसातही समोरचा काहीही बोलला तरी याचं आधी ‘गेनाऊ’. मला त्याच्या पायावर पाय द्यावासा वाटला.

“यांनी एक ओळही लिहिलेली नाही,” मी म्हणाले. “हिने केलंय. हवं ते विचारा तिला, आत्ता.”

“ते ठीक आहे हो, पण बाहेर बाकीचे पालक थांबलेत.”

“थांबू देत. पिझ्झावाल्या मुलाच्या वडिलांना विचारलंत का, तुम्ही पिझ्झा भाजलात का म्हणून?”

बाईंचा चेहरा पडला. नवरा मराठीत पुटपुटला, “अगं, जाऊ दे ना, सगळे ऐकतायत.” माझा आवाज आणखी चढला. मी उठलेच नाही. शेवटी बाईंनी नाइलाजाने मुलीला विचारलं, “बरं, सांग, ती शर्यत मध्ये का बंद पडली होती?”

मुलीने हाताची घडी घातली. “मी हे वर्गात सांगितलंय,” ती जर्मनमध्ये म्हणाली. “तेव्हा तुम्ही ऐकत होतात. पुन्हा परीक्षा मी देणार नाही.”

आणि ती उठून बाहेर गेली.

बसस्टॉपवर मी तिला जवळ घ्यायला गेले, तर तिने माझा हात झटकला. “तूपण तेच केलंस! ‘हवं ते विचारा तिला’ म्हणे. मी काय सर्कशीतलं माकड आहे?”

मग मी नवऱ्यावर घसरले. “कुठल्या गोष्टीला गेनाऊ म्हणालास रे? पोरगी खोटारडी आहे, याला?” तो म्हणाला, “वर्षभर त्याच बाई आहेत तिला. मी भांडून काय मिळणार होतं?” बस आली, आम्ही तिघं तीन ठिकाणी बसलो.

मी शाळेला मेल केला. उत्तर आलं, मूल्यमापन हा शिक्षकांचा अधिकार आहे. ‘तीन’ तसाच राहिला.

दुसऱ्या सहामाहीत पुन्हा रेफेराट होता. या वेळी तिने स्वित्झर्लंडचं चॉकलेट घेतलं. एका संध्याकाळी अर्ध्या तासात उरकलं. एक गाय, एक डोंगर, एक चॉकलेटची वडी. चित्रांखाली दोन-दोन वाक्यं. मी विचारलं, “एवढंच? कोको कुठून येतो, कोण पिकवतं, काहीच नाही?”

“राइष्ट,” ती म्हणाली. पुरे एवढं.

तिला ‘एक’ मिळाला. बाईंनी लिहिलं होतं, ‘छान! या वेळी अगदी स्वतःच्या शब्दांत.’

नवऱ्याने तो कागद फ्रिजवर लावला. मी तो ओढून काढला आणि फाडला. मुलगी दारातून बघत होती. तिने मला अडवलं नाही.