पटवून देण्याचा तास

"पा दाकॉर!"

दार उघडल्या उघडल्या मादामचा पहिला शब्द हाच असायचा. पा दाकॉर म्हणजे 'मान्य नाही'. आपण अजून तोंडही उघडलेलं नसायचं. आपलं नक्की काय अमान्य आहे हे विचारायची सोय नव्हती, कारण तोवर त्या आत वळून खुर्च्या ओढायला लागलेल्या असायच्या. तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल, की ज्याच्याशी नमस्कारसुद्धा वादातून सुरू होतो. कुवेतमधल्या आमच्या महबूल्यात ते माणूस आमच्याच इमारतीत, आमच्या दोन मजले वर राहायचं.

मादाम मूळच्या लातूरच्या. हैदराबादला फ्रेंच शिकल्या, लग्न होऊन कुवेतला आल्या आणि इथल्या एका भारतीय शाळेत मुलांना फ्रेंच शिकवता शिकवता निवृत्त झाल्या. त्यानंतर त्यांच्याकडे मोठी माणसं यायला लागली. कॅनडात दोन भाषा सरकारी. इंग्रजी सगळेच घेऊन जातात. फ्रेंच येत असेल तर तिथे स्थायिक व्हायच्या अर्जाला जादा गुण मिळतात. हे कळल्यापासून पुण्या-नाशकाचे रिफायनरीतले इंजिनियर दर शुक्रवारी संध्याकाळी मादामच्या दाराबाहेर चपला काढून, रंगीत पेनं घेऊन, शहाण्या मुलांसारखे आत बसायचे. त्यांच्या बायकाही असायच्या. त्यातली एक मी.

"तुम्ही फ्रान्स बघितलंय का?" असं एका नव्या विद्यार्थ्याने पहिल्याच दिवशी विचारलं होतं. मादामनी चष्मा कपाळावर चढवला.

"शिवाजी महाराज बघितलाव का तुम्ही? तरी पवाडे म्हणताव की."

तो पुढे फार चांगलं फ्रेंच शिकला. प्रश्न मात्र त्याने पुन्हा विचारला नाही.

फ्रेंचच्या परीक्षेत बोलण्याचा एक भाग असतो, त्यात समोरच्याला एखादी गोष्ट पटवून द्यायची असते. परीक्षक तुमचा मित्र होतो आणि मुद्दाम नाही नाही म्हणतो. आपण हार मानायची नाही. इथे आमची सगळी मराठी मंडळी गार व्हायची. माझ्या नवऱ्याची गोष्ट सांगते. 'मित्राला पोहायच्या क्लासला यायला पटवा' असा विषय होता. मादाम मित्र झाल्या आणि म्हणाल्या, मला वेळ नाही. नवरा लगेच म्हणाला, "बरं, मग राहू दे."

मादामनी पेन खाली ठेवलं. "झाली परीक्षा. चला, चपला घाला. कॅनडा गेला."

"अहो, पण त्यांना वेळच नाही म्हटल्यावर..."

"तुम्ही प्लांटात बी असंच करताव का? वॉल्व्ह म्हणला उघडत नाही, की बरं राहू दे?"

माझी अवस्था त्याहून वाईट होती. मला प्रश्न विचारला की उत्तर नवरा द्यायचा. तशी आमच्या घरचीच पद्धत होती, आणि खरं सांगायचं तर मला ती सोयीची होती. मादामनी दोन शुक्रवार हे बघितलं आणि तिसऱ्या शुक्रवारी नवऱ्याला स्वयंपाकघरात आपल्या यजमानांसोबत, म्हणजे आमच्या काकांसोबत, शेंगा सोलायला बसवलं. मग माझ्याकडे वळल्या. "हं. बोलूलालीस की शोकसभेला आलीस?"

मी रडकुंडीला आले, पण बोलले. त्यांनी मला फ्रेंचमध्ये भांडायला लावलं. वीजबिलावरून, पावावरून, सासूवरून. एकदा घरी जेवताना नवऱ्याने माझ्या वतीने कुणाला तरी फोनवर "हो, येऊ आम्ही" म्हणून टाकलं आणि मी मराठीत म्हटलं, "मी येणार नाही." मुलगी ताटावरून मान वर करून म्हणाली, "वॉव, आई!" हे मी मादामना सांगितलं तेव्हा त्यांनी मला दुसऱ्यांदा चहा दिला. त्यांच्याकडे तो पुरस्कार समजला जाई.

काकांबद्दल सांगायलाच हवं, कारण खरी गोष्ट त्यांचीही आहे. काका तसे फार कमी बोलणारे. त्यांनी लातूरजवळ गावी घर बांधलं होतं आणि अंगणात पेरू लावला होता. घरावर कॅमेरा बसवला होता, आणि तो पेरू ते इथे महबूल्यात बसून फोनवर बघायचे. आमचा क्लास चालू असताना स्वयंपाकघरातून मधूनच आवाज यायचा, "हे बगा, पोपट खाऊलालेत!" आणि लातूरच्या पोपटांना इथून हुसकावता येत नाही म्हणून ते फोनवरच 'हुर्र, हुर्र' करायचे.

काकांचं निवृत्तीचं वय उलटून गेलं होतं. त्यांना परत जायचं होतं. कंपनी मात्र आणखी एक मुदत वाढवायला तयार होती आणि मादाम म्हणत होत्या, सही करा. काका सही करत नव्हते, नाहीही म्हणत नव्हते. हे सगळ्या इमारतीला माहीत होतं. आम्हा विद्यार्थ्यांना तर त्या सहीची काळजी आपल्या अर्जापेक्षा जास्त. मादाम गेल्या तर आमचं कसं व्हायचं?

मी एकदा त्यांना विचारलं, "पण तुम्हाला का जायचं नाही?"

"तिथं मला कोण विचारतंय गं? इथं मी मादाम हाय. तिथं मी ह्यांची बायको आणि धाकट्या जावेची मोठी जाऊ."

"ऑनलाइन शिकवा की."

"ऑनलाइन भांडता येत नाही. लोकं म्यूट करतेत."

माझी परीक्षा आठवड्यावर आली तेव्हा त्यांनी मला एकटीला बोलावलं. बाहेर धुळीचं वादळ होतं, समोरची इमारतही दिसत नव्हती. मादामनी विषय दिला. 'तुमची मैत्रीण शहर सोडून गावी जायला तयार नाही. तिला पटवा.'

मी सुरुवात केली. गावात शांतता असते, हवा चांगली असते, वगैरे. मादामच्या फ्रेंचमध्ये लातूर नसायचं, तिथे त्या अगदी मऊ आणि सभ्य बोलायच्या. त्या म्हणाल्या, "गावात मी दिवसभर काय करू?"

मी म्हटलं, मुलींना शिकव.

"त्यांना कुठे परदेशी जायचंय?"

"जायचं असेल तरच शिकायचं का? मलाही जायला मिळेलच असं नाही. पण इथे येऊन मी बोलायला लागले."

"तिथे मला कुणी ओळखत नाही. इथे खालच्या किराणा दुकानातल्या बकालेवाल्यापासून सगळे ओळखतात. या वयात पुन्हा कुणाला ओळख करून देत बसू?"

तेव्हा माझ्या लक्षात आलं की हा विषय त्यांनी कुठल्या पुस्तकातून काढलेला नाही. मला त्या जायला नकोच होत्या. एवढ्या मोठ्या कुवेतमध्ये माझ्याशी भांडणारं हे एकच माणूस होतं. मी मान खाली घातली आणि म्हटलं, "खरंय तुझं. मग नको जाऊस."

"पा दाकॉर." त्यांनी टेबलावर बोटं आपटली. "हार मानायची नाही. पुन्हा."

"मादाम, हे नको. दुसरा विषय द्या ना."

"परीक्षक विषय बदलून देतो का तुला? पुन्हा."

मग मी बोलले. मोडकं-तोडकं, क्रियापदं चुकवत, पण न थांबता बोलले. नवी माणसं सगळीकडे भेटतात म्हटलं. तू भांडलीस की ओळख आपोआप होते म्हटलं. त्या प्रत्येक मुद्दा खोडत होत्या. शेवटी मला राग आला. कुणाचा ते सांगता येणार नाही, त्यांचा किंवा माझाही असेल. मी म्हटलं, "तुझा नवरा दमलाय. त्याने एक झाड लावलंय. ते झाड त्याने आणखी किती दिवस फोनवर बघायचं?"

मादामनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. तेवढ्यात काका चहाचे कप घेऊन आले. त्यांना फ्रेंचचा शब्द कळत नाही. त्यांनी आमच्या दोघींच्या तोंडाकडे बघितलं आणि घाबरून विचारलं, "नापास झाली का ही?"

"नाही," मादाम म्हणाल्या. मग माझ्याकडे बघून मराठीत म्हणाल्या, "पटलं. पण फ्रेंचमध्ये झाड पुल्लिंगी असतंय, किती वेळा सांगू तुला?"

माझी परीक्षा झाली. परीक्षक बाई चार वाक्यांत पटल्या. त्यांना कुठे काही सोडून जायचं होतं! घरी आले तर वर मादामच्या दारात पुठ्ठ्याची खोकी येऊन पडली होती. काका चिकटपट्टी शोधत होते. ते मला बाजूला घेऊन हळूच म्हणाले, "बाई, लई दिवस झाले मी सांगूलालतो, ऐकत नव्हती. तू काय सांगितलीस तिला?"

मी चिकटपट्टीचं टोक शोधून दिलं आणि खाली येऊन रडले. माझी इतकी चांगली तयारी त्यांनी करून घ्यायला नको होती असं मला वाटलं, आणि अजूनही वाटतं.

आता त्यांच्या घरात एक केरळी कुटुंब राहतं. फार सभ्य माणसं आहेत, लिफ्टमध्ये हसतात. आमच्या अर्जाचं अजून काही कळलेलं नाही. काका पेरूचे फोटो पाठवतात. पोपट आता त्यांना हातभर अंतरावरून घाबरतात म्हणे.

मागच्या शुक्रवारी मादामचा फोन आला. गावातल्या दोन मुली शिकायला येतात म्हणाल्या, बऱ्या आहेत, पण मोठ्यांशी वाद घालत नाहीत. पाणी एक दिवसाआड येतं. जाऊबाई चांगल्या आहेत. मग मध्येच म्हणाल्या, "करमत नाही गं. पटव बरं मला, कुवेतला परत ये म्हणून. फ्रेंचमध्ये."

मी लगेच सुरू केलं. "पहिला मुद्दा..."

आणि मला त्यांचा इकामा आठवला. इकामा म्हणजे इथे राहायचा परवाना. तो एकदा रद्द झाला की इथे आपलं काय असतं? घर भाड्याचं, नोकरी मुदतीची, शेजारी जाणारे. मी तरी किती दिवस आहे इथे? मी फोन कानाला धरून मुद्दा शोधत राहिले. तिकडे लातूरला, माझ्या बोलण्यावर काय उत्तर द्यायचं याची तयारी करून, मादाम वाट बघत होत्या.