कोचनी सोडलेला सामना

दर सोमवारी सराव सुरू होण्याआधी कोच मैदानाच्या फाटकाशी उभे राहायचे. आत येणाऱ्या प्रत्येक पोराचा हात हातात घ्यायचे आणि विचारायचे, "काल काय जेवलास?" उत्तर मिळाल्याशिवाय हात सुटायचा नाही. नुसतं "बर्गर" म्हणून भागायचं नाही, "आणि?" असा पुढचा प्रश्न तयारच असायचा. आमच्या ओंकारने कॉलेजातल्या पहिल्याच आठवड्यात फोनवर तक्रार केली, "बाबा, ही इज वर्स दॅन आई!" ते ऐकून मेधाचं, म्हणजे माझ्या बायकोचं, कोचबद्दलचं मत एकदम चांगलं झालं.

कोच बोलायचे अर्थातच इंग्रजी, तेही टेक्ससच्या खेड्यातलं, ओठ फारसे न हलवता. पण मला आठवतात ते मराठीतच बोलताना. त्याला माझा इलाज नाही.

त्यांची पहिली भेट प्लेनोला आमच्या घरीच झाली. ओळखीपाळखीतली सगळी मुलं कम्प्युटर सायन्सच्या मागे धावत होती आणि आमचे चिरंजीव मात्र तीन तासांवरच्या एका गावात, लहानशा कॉलेजच्या संघातून फुटबॉल खेळायला निघाले होते. फुटबॉल म्हणजे इथला, अमेरिकन. त्यात पाय कमी आणि माणसंच एकमेकांवर जास्त आपटतात. हा माणूस आपला मुलगा पळवायला आलाय, अशाच नजरेने मी दार उघडलं. कोचनी दारातल्या चपला पाहिल्या आणि कुणी न सांगता बूट काढले. उजव्या मोज्यातून अंगठा बाहेर आला होता. त्यांनी तो लपवला नाही. मेधाने पोहे दिले, ते दोनदा मागून घेतले, मिरच्यांसकट संपवले आणि डोळे पुसत म्हणाले, "मला ओंकार हवाय. पण तो प्रसिद्ध होणार नाही, हे आधीच सांगतो."

ओंकारची जागा होती सेंटरची. चेंडू दोन पायांमधून मागच्याला द्यायचा आणि लगेच समोरच्या धटिंगणाला छातीवर घ्यायचं. चेंडू घेऊन पळणारे वेगळेच. कोच म्हणाले, "याचं नाव लोकांना कळेल ते फक्त याची चूक झाली तर." मेधाने विचारलं, "आणि अभ्यासाचं काय?" तेव्हा ते खुर्चीत सरसावून बसले. "फुटबॉल प्रत्येकाचा सुटतोच, मॅम. माझाही सुटला. त्यानंतर जगायचं कसं, यासाठी तर कॉलेज आहे." मी हरलो. ओंकार गेला.

मग आमचे शनिवार त्या मैदानावर जाऊ लागले. लाकडी बाकं, मोजकी माणसं, पलीकडच्या कुंपणातून बघणाऱ्या गाई. मेधा गाडीच्या डिकीतून डबे काढायची आणि साबुदाण्याची खिचडी खाल्लेले टेक्ससमधले एकमेव पालक आमच्याभोवती जमायचे. संघ बहुतेक वेळा हरायचा. हरल्यावर कोच पालकांकडे येऊन टोपी काढायचे आणि निकाल सांगायचे, "आज नीट हरलो," किंवा "आज वाईट हरलो." पोरं दमून हरली तर नीट, एकमेकांवर ओरडत हरली तर वाईट. एकदा आम्ही चक्क जिंकलो, तर हे येऊन म्हणाले, "आज वाईट जिंकलो." मी म्हटलं, कोच, जरा आनंद होऊ द्या की. तर म्हणाले, "होतोय. सोमवारी बोलीन मी त्यांच्याशी."

ओंकारचं शेवटचं वर्ष हेच कोचचंही शेवटचं वर्ष होतं. ते निवृत्त होणार होते. त्या वर्षी संघाची पार दैना झाली. एकही सामना जिंकला नव्हता. ओंकारच्या शेजारी खेळणारे दोन धिप्पाड गडी कुबड्यांवर होते. उरला होता शेवटचा सामना, आणि समोरचा संघही आमच्यासारखाच रडतखडत आलेला. हा जिंकता आला असता. एका विजयाने कोचना निरोप द्यायचा, एवढंच पोरांच्या डोक्यात होतं. ओंकार फोनवर दुसरं काही बोलतच नसे.

त्या वर्षी दिवाळी नोव्हेंबरात आली. शेवटून दुसरा सामना शनिवारी झाला, अर्थात हरलोच, आणि रविवारी आम्ही फराळाचे डबे घेऊन कॉलेजात गेलो. हॉस्टेलच्या अंगणात सगळ्या संघाने चकल्या फस्त केल्या. कोचना अनारसा फार आवडला. ओंकार जरा गप्प होता. "डोकं दुखतंय का रे?" मेधाने विचारलं. "नो आई, आय ॲम फाइन यार, जस्ट टायर्ड." दिवाळी आणि वर हार, म्हणून गप्प असेल असं आम्हाला वाटलं.

सोमवारी फाटकाशी कोचनी त्याचा हात धरला. काल काय जेवलास?

"पिझ्झा," ओंकार म्हणाला.

"आणि?"

"कोक."

"आईला कधी भेटलास?"

ओंकारने बराच विचार केला. "मागच्या महिन्यात."

कोचनी हात सोडलाच नाही. तसाच धरून त्याला डॉक्टरकडे नेलं. शनिवारी त्याच्या डोक्याला मार बसला होता आणि त्याने तो लपवला होता, हे तिथे बाहेर आलं. रविवार त्याच्या डोक्यातून जवळजवळ पुसला गेला होता. घाबरण्यासारखं काही नाही, पण खेळणं बंद, असं डॉक्टरांनी सांगितलं.

शेजारचे दोघे आधीच कुबड्यांवर, त्यामुळे आता सेंटरला कुणीच उरलं नव्हतं. कॉलेजातल्या वरिष्ठांनी सुचवलं, पळणाऱ्या पोरांपैकी कुणाला तरी उभं करा, एका दिवसाचा तर प्रश्न आहे. पोरंही तयार होती. एकाने तर दुप्पट जेवून वजन वाढवतो म्हणून सांगितलं. कोच म्हणाले, "ज्याला हा मार घ्यायला मी शिकवलं नाही, त्याला तो मार खायला पाठवणार नाही." आणि आयुष्यातला शेवटचा सामना त्यांनी सोडून दिला. न खेळताच हार.

गावातल्या जुन्या खेळाडूंनी त्यांना नको नको ते ऐकवलं. पण सगळ्यात जास्त भडकला तो ओंकार. आपल्यामुळे सगळ्यांचा सामना गेला, हे त्याला सहन होत नव्हतं, आणि ते तो काढत होता कोचवर. "ही कुड हॅव जस्ट नॉट आस्क्ड!" असं म्हणून त्याने माझ्यासमोर दार आपटलं.

शेवटच्या सामन्याला चौथ्या वर्षाची मुलं आईवडिलांचा हात धरून मैदानाच्या मध्यापर्यंत चालत जातात, अशी तिथली रीत. सामना नव्हता, तरी कोचनी सगळ्यांना बोलावलं. बाकं रिकामी होती. कोट आणि टाय घालून कोच मध्यावर एकटेच उभे होते. ओंकार यायला तयारच नव्हता. मेधाने त्याच्या दंडाला धरून जवळजवळ ओढतच आणला. कोचनी हात पुढे केला. याने खिशातला हात बाहेर काढला नाही.

"यू टुक अवर गेम," तो म्हणाला.

"हो, घेतला," कोच म्हणाले. "तू माझ्यावर चिडून राहा. नातवंडं होईपर्यंत राहा. तेव्हाही तुला तारीखवार आठवलं पाहिजे, मी काय केलं आणि तू का चिडलास. मला एवढंच हवंय."

मी त्या माणसाला तिथेच मिठी मारली. मला वेडावाकडा हुंदका आला आणि कोच माझी पाठ थोपटत राहिले. पुढे त्यांनी गाव सोडलं, मुलीकडे राहायला गेले. ओंकार शुगर लँडला नोकरीला लागला. घरी कोचचा विषय निघाला की तो उठून पाणी प्यायला जायचा.

गेल्या हिवाळ्यात कोच गेले. बातमी मीच त्याला सांगितली. "ओके," म्हणाला आणि फोन ठेवला. चर्चमध्ये आम्ही पोहोचलो तर तो आमच्या आधीच येऊन बसला होता, रात्रभर ड्राइव्ह करून. कुणाला बोलायचंय का, असं कोचच्या मुलीने विचारलं तेव्हा हाच उभा राहिला. एवढा थोराड गडी, पण समोरचा बाक दोन्ही हातांनी धरून ठेवावा लागला त्याला.

"कोच," तो म्हणाला, "आय ॲम स्टिल मॅड ॲट यू."

आणि खाली बसून, आईच्या खांद्यावर डोकं टेकून लहान पोरासारखा रडायला लागला.