मासे धरणारी सवत

आमचे हे जंगलात गाइड आहेत. पाहुण्यांना होडीतून आत न्यायचं, चार दिवस पायी हिंडवायचं, माकडं, पक्षी, बेडूक दाखवायचे आणि जंगलातच पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या लोकांच्या वस्तीत नेऊन आणायचं, हे त्यांचं काम. पाहुणे परतले की सहल कंपनीच्या ऑफिसात एकच सांगतात, काय बोलतो हो तुमचा माणूस, ऐकतच राहावंसं वाटतं. ऑफिसातली बाई ते जसंच्या तसं मला येऊन ऐकवते आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. कारण घरी ह्या माणसाच्या तोंडाला कुलूप.

म्हणजे कसलं कुलूप ते सांगते. "भाजी बरी झालीय का?" "हं." "मीठ जास्त पडलंय ना?" "हं." "मग खाताय कशाला?" त्यावरही "हं." लग्नाला वीस वर्षं होऊन गेली. तेवढ्या वर्षांत हे माझ्याशी जितकं बोलले तितकं मी दूधवाल्याशी महिन्याभरात बोलते. भांडायची सोय नाही. टाळी एका हाताने वाजत नाही आणि भांडण एका तोंडाने होत नाही.

सासूबाई सांगायच्या, हा लहानपणापासून असाच. ह्यांचे वडील लाकडाच्या गिरणीत होते आणि हेही पोरवयातच तिथे लागले. करवतीच्या आवाजात बोलून उपयोग नाही, म्हणून तिथे सगळे हातवाऱ्यांनीच बोलायचे. पुढे गिरणी बंद पडली. मग एका दुकानदाराचं मीठ नि साबण पाठीवर बांधून हे जंगलातल्या वस्तीवर पोचवायला लागले. त्या लोकांची भाषा तिथेच शिकले. सहलवाली कंपनी आली तेव्हा ती भाषा येणारा गावात दुसरा कुणी नव्हता, म्हणून ह्यांना घेतलं. मुक्याला बोलायची नोकरी मिळाली. गाव हसलं, मीही हसले. पण मुका तिथे पोपटासारखा बोलतोय हे कळल्यापासून माझं हसू पळालं.

माझी बस स्टँडमागे लॉन्ड्री आहे. कंपनीचे सगळे कपडे माझ्याकडेच येतात. मच्छरदाण्या, चादरी, जळवा चढू नयेत म्हणून घालायचे लांब मोजे. पाहुण्यांच्या मोज्यांतला लाल चिखल मी घासायचा आणि त्या मोज्यांत पाय घालून बसलेल्या लोकांनी माझ्या नवऱ्याचं बोलणं ऐकायचं. खोटं कशाला बोलू, मला जळजळ व्हायची. इस्त्री फिरवताना मी त्या मोज्यांशी भांडायचे.

तर झालं असं, की एका सहलीतलं एक जोडपं निघायच्या आदल्या दिवशी आपसात भांडलं आणि त्यातली बाई माहेरी निघून गेली. तिची जागा रिकामी. ऑफिसातली बाई म्हणाली, "ताई, तुम्हीच जा की. फक्त गाइडची बायको म्हणून सांगायचं नाही. मागे एकदा पाहुण्यांनी तक्रार केली होती, घरच्यांना पुढे बसवतात म्हणून." मी लॉन्ड्रीला कुलूप लावलं, नणंदेची पँट मागून घेतली आणि पहाटे धक्क्यावर हजर झाले. मला बघून ह्यांचा चेहरा उतरला. म्हणाले, "हं."

होडीत माझ्या शेजारी एक चष्मेवाल्या बाई होत्या. शाळेतून निवृत्त झालेल्या, दुसऱ्यांदा आलेल्या. हे पुढे उभे राहून बोलायला लागले आणि मी डोळे फाडून बघत राहिले. आवाज हाच, माणूस दुसरा. पाण्याकडे वाकलेल्या झाडाचं सांगितलं, पाणमांजरांचं सांगितलं, मध्येच असा काही विनोद केला की नावाडीसुद्धा वल्हं मारायचं थांबला. मी तेवढी हसले नाही. वीस वर्षांची उधारी आठवत बसले.

दुपारी एका उंच झाडाखाली ह्यांनी सगळ्यांना थांबवलं. वर धनेश पक्ष्याची ढोली होती. मादी ढोलीत स्वतःला लिंपून घेते, म्हणाले, आणि नर दिवसभर फळं आणून एका फटीतून तिला भरवतो. किती प्रेमाने सांगितलं म्हणता. एका पाहुणीच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्याही आलं, पण रागाचं. येताना कोथिंबीर आणा म्हटलं तर ह्या माणसाने आजवर एकदाही आणलेली नाही.

मग चष्मेवाल्या बाई माझ्या कानाशी लागल्या. "ह्यांची बायको या वेळी भेटते का बघू. मागच्या वेळी किती सांगत होते तिचं. हातांनी मासे धरते म्हणे, नुसत्या हातांनी. आणि एकदा रानडुकराला शिव्या देऊन पळवलं तिने. गुडघ्याला वण आहे त्याचा."

मला मासा धुवायचा म्हटला तरी शिसारी येते. डुक्कर मी फक्त कचराकुंडीजवळ पाहिलंय. म्हणजे ही कुणीतरी दुसरीच. मनात म्हटलं, सापडली. इथे जंगलात संसार थाटलाय ह्याने, म्हणून घरी बोलायला शब्द उरत नाहीत. सगळे तिच्यावर उधळून येतो.

पुढचा सगळा दिवस मी काय पाहिलं ते विचारू नका. माकडं झाडावरून उड्या मारत गेली म्हणे. लोक फोटो काढत होते आणि मी तिचा चेहरा रंगवत होते. दाट केस असणार. दात पांढरेशुभ्र. चढताना धाप लागत नसणार, मला लागत होती. माझ्या पोटरीला जळू चिकटली तेव्हा हे धावत आले, अलगद काढली. मला वाटलं, तिच्याही जळवा अशाच काढत असतील.

संध्याकाळी मुक्कामावर ओढ्याजवळ मी ह्यांना गाठलं.

"अहो, ती कोण?"

"कोण?"

"मासे धरणारी."

हे खाली बसले आणि बुटाचा चिखल काढायला लागले. काढून झाला तरी काढतच राहिले. मी म्हटलं, "चोराच्या मनात चांदणं." हे दुसरा बूट घासायला लागले.

तिसऱ्या दिवशी वस्ती. वाटेत एका ओंडक्यावरून ओढा ओलांडायचा होता. मी बूट काढले, बसून सरकत सरकत पलीकडे गेले, आणि बूट कुठे राहिले ते माझ्या लक्षातही आलं नाही. माझं सगळं लक्ष पुढे. आज तिचे केस धरायचे, एवढंच ठरवलं होतं.

वस्तीच्या अलीकडे एक मोकळी जागा आहे, तिथे सगळ्यांना थांबावं लागतं. ह्यांनी पाहुण्यांना समजावलं, "इथली रीत अशी आहे. बाहेरच्या माणसाने आधी आपल्या घरची बातमी सांगायची. ज्याच्याकडे घरची बातमी नाही तो काहीतरी लपवतोय असं हे लोक धरतात, आणि त्याला आत घेत नाहीत." बरोबरच आहे, मला ती रीत पटली. असल्या माणसाला मीही उंबऱ्याबाहेरच ठेवायला हवं होतं.

आतून एक म्हातारी आली. तिच्या मागे बायका, पोरंटोरं, सगळे उत्सुक. चष्मेवाल्या बाई म्हणाल्या, "आता बघा, मागच्या वेळी अर्धा तास बोलत होते. सगळी वस्ती पोट धरून हसत होती." पण हे उभेच. एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा म्हातारीकडे, आणि दोनचार शब्द कसेबसे बोलून थांबले. म्हातारी आणखी ऐकायला मान पुढे करून उभी. हे गप्प. आमच्या घरी जेवायला बसतात तसे. म्हातारीच्या कपाळावर आठी पडली. ओळख जुनी होती म्हणून तिने वाट दिली, एवढंच.

आत गेल्यावर मी एकेक बाई न्याहाळायला लागले. वेताची टोपली विणणारी एक होती, चांगली उंच, पण ह्यांच्याकडे तिने ढुंकून पाहिलं नाही. चुलीपाशी एक होती, ती गरोदर, आणि तिचा नवरा शेजारीच. तेवढ्यात म्हातारीने माझ्याकडे बोट दाखवून ह्यांना काही विचारलं. ह्यांनी उत्तर दिलं. त्यावर म्हातारी काहीतरी बोलली आणि बायका फिदीफिदी हसल्या.

चष्मेवाल्या बाईंनी विचारलं, "काय म्हणाल्या आजी?"

ह्यांचे कान लाल. "ह्या कोण म्हणून विचारलं. मी म्हटलं, पाहुणी. तर म्हणतात, पाहुणीचे बूट कुणी असे हातात घेऊन फिरतं का?"

तेव्हा मी पाहिलं. ओंडक्यापासून माझे बूट ह्यांच्याच हातात होते.

आता लपवण्यात अर्थ नव्हता. ह्यांनी म्हातारीला खरं सांगितलं असावं, कारण सगळ्या बायका एकदम माझ्याभोवती जमल्या. म्हातारीने माझे हात धरले, उलटेसुलटे करून पाहिले, तळव्यावर अंगठा फिरवला. एकीने माझी पँट गुडघ्यापर्यंत वर केली. दोन्ही गुडघे तपासले. मग म्हातारीने माझे हात सोडले आणि ह्यांना काहीतरी म्हणाली.

"काय म्हणाली?"

"काही नाही."

"अहो, हे घरी चालतं, इथे चालायचं नाही. काय म्हणाली ते सांगा."

"म्हणते, ही ती नव्हे."

"ती म्हणजे कोण?"

"तूच."

आणि मग तिथेच उभ्या उभ्या ह्यांनी मला सगळं सांगितलं. सुरुवातीला हे मीठ बाहेरच देऊन परतायचे. थोडी भाषा आली तेव्हा म्हातारीने ह्यांना घरची बातमी विचारली. हे म्हणाले, बायको इस्त्री करते. म्हातारीने विचारलं, इस्त्री म्हणजे काय? गरम लोखंडाने कापड सपाट करायचं. का करायचं? ह्यांना सांगता येईना. त्यांना वाटलं हा काहीतरी लपवतोय, आणि मिठासकट परत पाठवलं. पुढच्या खेपेला हे म्हणाले, बायकोने हातांनी मासे धरले. लोक खूश. मग दर खेपेला नवीन काहीतरी. मासे झाले, मध झाला, रानडुक्कर झालं. पाहुणे आले की हेच त्यांनाही सांगायचे.

"आणि खरं सांगावंसं कधी वाटलं नाही?"

"खरं काय सांगू? आपण घरी बोलतो कुठे?"

आपण म्हणे. माझा संताप संताप झाला. सवत शोधत आले होते, ती मिळाली. माझ्याच नावावर जगत होती आणि माझ्या वाटणीचं सगळं खात होती. तिच्यासाठी शब्द होते, हसू होतं, तिला ह्यांनी झाडांवर चढवलं, नदीत उतरवलं. मला कपड्यांचा ढीग. झिंज्या उपटाव्यात तर त्याही माझ्याच.

म्हातारीने पुन्हा काही विचारलं. ह्यांनी या वेळी मी न विचारताच मला सांगितलं. "विचारते, ती कुठे आहे? तिला का नाही आणलं? आज तिची बातमीही दिली नाहीस."

मी म्हटलं, "सांगा, वारली."

"असं कसं सांगू?"

"इतकी वर्षं खोटं सांगताना जीभ अडखळली नाही, आता काय झालं? सांगा, ती वारली. आणि आता ही आहे म्हणावं. हिला मासे धरता येत नाहीत."

ह्यांनी माझे बूट खाली ठेवले. मग सांगितलं.

मला वाटलं होतं, सांगितलं की सुंठीवाचून खोकला गेला. पण टोपली विणणारीचे हात थांबले. चुलीपाशी बसलेलीने लाकडं बाहेर ओढून चूल विझवली. पोरांना कुणी गप्प केलं नाही, तीच गप्प झाली. म्हातारीने ह्यांना हाताला धरून खाली बसवलं, त्यांच्या डोक्यावर हात ठेवला आणि हळूहळू बोलायला लागली. मध्ये मध्ये बाकीच्या बायका काहीतरी सांगायच्या. मला शब्द कळत नव्हते, पण हात कळत होते. एकीने झाडावर चढून दाखवलं. एकीने डुकरासारखं डोकं खाली घातलं. उंच होती तिने दोन्ही हातांत मासा धरल्यासारखं केलं, तो निसटल्यासारखा परत धरला, आणि हसता हसता रडू लागली.

मग हेही रडायला लागले. नाटक असतं तर मी ओळखलं असतं, वीस वर्षं धुतेय मी ह्या माणसाला. खांदे गदगदत होते, नाक वाहत होतं. सासूबाई गेल्या तेव्हाही असे रडले नव्हते. पाहुणे लांब उभे, कुणी फोटो काढला नाही.

मी तिला मारलं होतं आणि ती मेल्यावरही सगळं तिलाच मिळत होतं. माझ्यासाठी हा माणूस असा रडेल का? आणि रडला तरी ते बघायला मी कुठे असणार? मला त्या नसलेल्या बाईचा इतका हेवा वाटला की माझेच डोळे भरून आले.

म्हातारीने वर पाहिलं. माझे डोळे बघून तिने ह्यांच्या शेजारची जमीन हाताने थोपटली. मी बसले. हे नाक पुसत माझ्याकडे वळले आणि बोलायला लागले. आमच्या भाषेत, मला कळेल असं.

"ती पाण्यात उतरली ना," हे म्हणाले, "की आधी बराच वेळ नुसती उभी राहायची. हलायचीच नाही."

मी म्हटलं, "मग?"