कनेक्टिकटचं ब्रीद, तळेगावचं फाटक

दादा अमेरिकेत, कनेक्टिकट राज्यात राहतो. तळेगावला आत्याच्या संत्र्याच्या बागेला नवं फाटक लागलं, तेव्हा त्यानं कळवलं की त्या राज्याचं लॅटिन ब्रीद मराठीत करून फाटकावर लिहायचं, आत्याला भेट म्हणून. शाळेआधी आम्हां दोघांना अक्षरं आत्यानंच शिकवली. मी घाईत ‘उपटून लावलेलं टिकतं’ असं आत्याला पाठवून दिलं आणि मग शंकेनं जीव खाल्ला. रविवारी पेंटर येणार होता आणि आत्याचा फोन लागेना. चूक आत्याच्या दारावर चढण्याआधी पोचायचं, म्हणून सकाळीच निघाले.

पिपरी मेघेहून वर्धा स्टँड, तिथून आर्वी, मग तळेगाव. बायकांना एसटीत अर्धं तिकीट. आर्वीला गाडी बदलताना आलूबोंडा गरम असेल तरच घ्या, कढी मात्र मागून घ्या.

बसमध्ये पुन्हा सगळं वाचलं. ते राज्य इंग्रजांची वसाहत होतं तेव्हाच्या जुन्या शिक्क्यावर द्राक्षवेली होत्या आणि सोबत हे शब्द. ते कुठून आले यावर एकमत नाही. ख्रिस्ती धर्मग्रंथातल्या एका प्राचीन स्तोत्रात देवानं दुसऱ्या देशी नेऊन लावलेली वेल आहे, बहुधा तिथून. अर्थ असा, की ज्यानं नेऊन लावलं तोच सांभाळतो. मी सगळं श्रेय रोपालाच देऊन बसले होते.

पोचले तर पेंटर हात धूत होता आणि माझी ओळ फाटकावर निळीशार चमकत होती. मी आत्याला चूक सांगून टाकली.

“मलेही खटकलंच,” ती म्हणाली. “लावलेलं आपोआप टिकते का वं कधी? उन्हाळ्यात झाड काय स्वतः विहिरीवर जाते?”

रंग ओला आहे तोवर पुसून देतो, पण चहा लागेल, असं पेंटरनं बजावलं. ‘ज्यानं नेऊन लावलं, तोच सांभाळतो’ ही नवी ओळ त्यानं लिहिली, ती मी तीनदा वाचून पाहिली.

मग आत्यानं माझ्या हातात संत्र्याचं कलम दिलं. तिच्या बागेचा नियम आहे: ज्यानं कलम लावलं, त्यानंच पहिला उन्हाळा पाणी द्यायचं. मी वर्ध्याचं अंतर, नोकरी, बसच्या वेळा, सगळं सांगून पाहिलं.

“फाटकावर तूच लिहिलं ना? मंग येत जाजो.”

कलम लावून निघताना ओसरीवर आणखी एक पिशवीत उभं दिसलं. ते दादाचं, त्यानंच येऊन लावावं म्हणून ठेवलेलं.

घरी आले तेव्हा नखांत माती होती. पुढच्या उन्हाळ्यातले सगळे रविवार आत्तापासूनच गेले, तरी मन हलकं होतं. दादाला फाटकाचा फोटो पाठवला, पिशवीतल्या कलमाचाही. अर्थ बरोबर आहे का, हे त्यानं विचारलंच नाही. बऱ्याच वेळानं एवढंच आलं, “कलम पिशवीत किती दिवस राहतं?”